पश्तूनांचा खरा झेंडा कोणता? आधी साल सांगा, मग झेंडा सांगतो

प्रश्न थोडक्यात परत लिहितो, म्हणजे बाकीच्यांनाही कळेल. तुम्हाला कॉलेजच्या प्रदर्शनात सरहद्द गांधींवर, म्हणजे खान अब्दुल गफार खानांवर, पाच-सहा पॅनेल करायची आहेत आणि प्रत्येकाच्या कोपऱ्यात ‘पश्तून झेंडा’ टाकायचाय. नेटवर शोधलं तर चार वेगवेगळे आले, एक नुसता लाल, एक लाल पण मधे डोंगर आणि सूर्य असलेला, एक काळा-लाल-हिरवा आणि एक पांढरा ज्यावर अरबी अक्षरं आहेत. यातला खरा कोणता, डोंगर-सूर्याचा अर्थ काय, आणि लाल रंग म्हणजे हे लोक कम्युनिस्ट होते का, असं तुम्ही विचारलंय.

मी बरीच वर्षं झेंड्यांची टपाल तिकिटं जमवतोय, त्या निमित्ताने जुन्या फोटोंमधले झेंडे ओळखून द्यायचं कामही अधूनमधून करतो, आणि अफगाणिस्तान हा माझा आवडता विभाग आहे. त्या अनुभवावरून सांगतो, ‘पश्तूनांचा झेंडा कोणता’ हा प्रश्न असा विचारला की त्याला उत्तरच मिळत नाही. पश्तून लोक, म्हणजे आपण ज्यांना पठाण म्हणतो ते, १८९३ च्या ड्युरंड रेषेपासून, म्हणजे ब्रिटिश हिंदुस्थान आणि अफगाणिस्तान यांच्यात आखलेल्या सीमेपासून, दोन बाजूंना वाटले गेलेत, त्यांचं सगळ्यांचं मिळून एक राज्य या काळात झालंच नाही, त्यामुळे सगळ्यांनी मान्य केलेला एक झेंडाही नाही. झेंडे आहेत, भरपूर आहेत, पण प्रत्येक झेंड्यामागे एक साल आहे, एक गाव आहे आणि तो हातात धरणारा कुणीतरी आहे. म्हणून तुमच्या पॅनेलवर कुठलं साल आहे त्यावर सगळं अवलंबून आहे. १९३० च्या पॅनेलवर जो बसेल तो १९५५ च्या पॅनेलवर चालणार नाही.

आधी लाल घेऊ, कारण तुमच्या विषयाला तोच सगळ्यात जवळचा.

१९२९ च्या शेवटी गफार खानांनी पेशावरच्या खोऱ्यात चारसद्द्याजवळच्या उत्मानझई गावात खुदाई खिदमतगार ही संघटना काढली. बाचा खान किंवा बादशाह खान ते हेच. स्वयंसेवक सुरुवातीला घरच्या पांढऱ्या जाड्याभरड्या कपड्यातच हिंडायचे, पण गावोगाव पायी फिरायचं, धुळीच्या रस्त्याने कवायत करायची, पांढरं कापड दोन दिवसात कळकट व्हायचं. मग काही जणांनी गावात चामडं कमावायच्या ठिकाणी जो रंग असायचा त्यात कपडे बुडवून काढले आणि ते विटेसारख्या तांबूस-लाल रंगाचे निघाले. रंग स्वस्त होता, हाताशी होता आणि मळ दिसत नव्हता. बाकीच्यांनी बघून तेच केलं, आणि बघता बघता तो सगळ्या संघटनेचा गणवेश झाला, पुरुषांना लाल आणि बायकांना काळा. झेंडाही त्याच ओघात लाल झाला. म्हणजे या लालचा उगम मॉस्कोत नाही, पेशावरच्या खोऱ्यातल्या रंगाच्या कुंडात आहे.

कम्युनिस्ट हा शिक्का ब्रिटिशांनी मारला. त्यांच्या दृष्टीने हिशोब सोपा होता, बारा वर्षांपूर्वी रशियात क्रांती झालेली, सरहद्दीपासून रशिया फार लांब नाही, आणि इथे हजारो लोक लाल कपडे घालून शिस्तीत चालतायत. ‘रेड शर्ट्स’ हे नाव तिथूनच रुळलं आणि लंडनच्या पेपरवाल्यांना ते आयतंच मिळालं. प्रत्यक्षात ही माणसं कुराणाला स्मरून अहिंसेची शपथ घेत होती, मारहाण सोसायची पण उलट हात उचलायचा नाही, आणि वैर, सूड या जुन्या गोष्टी सोडायच्या. ज्या समाजात बंदूक हा पुरुषाचा दागिना समजला जायचा तिथे ही शपथ म्हणजे काय होतं हे तुमच्या पॅनेलवर दोन ओळीत तरी यायलाच हवं असं मला मनापासून वाटतं, रंगाचा अर्थ त्याशिवाय कळत नाही.

२३ एप्रिल १९३० ला पेशावरच्या किस्सा ख्वानी बाजारात नि:शस्त्र जमावावर गोळीबार झाला. गढवाल रायफल्सच्या चंद्रसिंह गढवाली आणि त्यांच्या सोबतच्या शिपायांनी गोळी चालवायला नकार दिला तो याच वेळी. मेलेल्यांचा सरकारी आकडा आणि लोकांनी सांगितलेला आकडा यात प्रचंड फरक आहे, त्यामुळे पॅनेलवर आकडा छापायच्या भानगडीत पडू नका. महत्त्वाचं हे की त्यानंतर संघटना आटली नाही, उलट गावंच्या गावं लाल कपड्यात आली. बंदी आली, धरपकड झाली, आणि जो रंग मळ झाकायला घेतला होता तो सांडलेल्या रक्ताचा म्हणून ओळखला जाऊ लागला. झेंड्यांच्या बाबतीत हे मी नेहमी बघतो, रंग आधी येतो आणि अर्थ नंतर चिकटतो, पण नंतर चिकटलेला अर्थ खोटा असतो असं नाही. लोकांनी त्याची किंमत मोजलेली असते.

आता एक गोष्ट जी बहुतेक लोक विसरतात. खुदाई खिदमतगारांचा झेंडा सुरुवातीला लाल होता, पण पुढे तिरंगा आला. मार्च १९३१ च्या कराची काँग्रेसला बाचा खान आपले लाल डगलेवाले घेऊन गेले होते, आणि त्याच वर्षी ऑगस्टमध्ये संघटना अधिकृतपणे काँग्रेसशी जोडली गेली. केशरी-पांढरा-हिरवा आणि मधे चरखा हा झेंडा काँग्रेसने मुंबईत स्वीकारला तोही त्याच महिन्यात. त्यामुळे १९३१ नंतरचा सरहद्द प्रांतातल्या सभेचा फोटो असेल तर लाल कपड्यातली माणसं आणि हातात चरख्याचा तिरंगा असं चित्र दिसू शकतं, त्यात काही चुकीचं नाही.

आणि इथे आपला महाराष्ट्रही येतो, प्रदर्शन आपल्याकडे आहे म्हणून सांगतो. ऑगस्ट १९३४ मध्ये बाचा खान हजारीबागच्या तुरुंगातून सुटले पण स्वत:च्या प्रांतात जायला बंदी, पंजाबातही बंदी, म्हणून ते वर्ध्याला गांधीजींजवळ येऊन राहिले. मग मुंबईतल्या एका भाषणावरून राजद्रोहाचा खटला झाला, डिसेंबरमध्ये वर्ध्यातूनच उचललं आणि दोन वर्षांची शिक्षा झाली. वर्ध्याचं पॅनेल करणार असाल, आणि करावंच, तर तिथे कुठलाही ‘पश्तून झेंडा’ नको, चरख्याचा तिरंगा घ्या.

आता तो डोंगर-सूर्यवाला लाल झेंडा. हा पश्तुनिस्तानचा झेंडा, आणि सगळ्यात जास्त घोळ यावरूनच होतो.

जून १९४७ मध्ये फाळणी ठरली तेव्हा सरहद्द प्रांतात काँग्रेसचं सरकार होतं, मुख्यमंत्री बाचा खानांचे थोरले भाऊ डॉ. खान साहेब. सार्वमत घ्यायचं ठरलं पण पर्याय दोनच, भारत किंवा पाकिस्तान. २१ जूनला बन्नूत जिरगा, म्हणजे पश्तूनांची पंचायत, भरला आणि तिसरा पर्याय द्या, पश्तूनांचं स्वत:चं राज्य, अशी मागणी झाली. ती फेटाळली गेली, खुदाई खिदमतगारांनी सार्वमतावर बहिष्कार टाकला, ६ ते १७ जुलै मतदान झालं, पाकिस्तानला २,८९,२४४ आणि भारताला २,८७४ मतं पडली, एकूण मतदान जेमतेम ५१ टक्के. पुढचा प्रसंग तर थेट झेंड्याचाच आहे. १५ ऑगस्टला पाकिस्तानच्या झेंडावंदनाला डॉ. खान साहेब आणि त्यांचे मंत्री नव्हते, नव्या झेंड्याला सलामी दिली नाही असा आरोप त्यांच्यावर झाला, आणि २२ ऑगस्टला जिनांनी ते मंत्रिमंडळ बरखास्त केलं. बाचा खानांनी मात्र त्यानंतर पाकिस्तान मान्य केलं. सप्टेंबरात सरदरयाबला खुदाई खिदमतगारांनी तसा ठराव केला, आणि मार्च १९४८ मध्ये कराचीत संविधान सभेत त्यांनी स्पष्ट सांगितलं की आम्हाला पाकिस्तानच्या आतच पश्तूनांचा एक प्रांत हवाय, बाकीच्या प्रांतांना जसं नाव आहे तसं आम्हाला नाव द्या.

हे एवढं तपशिलात का सांगतोय, तर बन्नूची मागणी आणि डोंगर-सूर्याचा झेंडा यात लोक सरळ रेघ ओढतात. मधे काबूल आहे हे विसरतात. स्वतंत्र पश्तुनिस्तान हा मुद्दा १९४७ नंतर सगळ्यात जोरात उचलला तो अफगाण सरकारने. ३० सप्टेंबर १९४७ ला संयुक्त राष्ट्रांत पाकिस्तानच्या सदस्यत्वाविरुद्ध एकच मत पडलं, अफगाणिस्तानचं, पुढच्या महिन्यात ते त्यांनी मागे घेतलं हा भाग वेगळा. जुलै १९४९ मध्ये काबूलच्या लोया जिरग्याने, म्हणजे देशभरच्या मोठ्या जिरग्याने, ड्युरंड रेषेचे करारच नाकारले. ३१ ऑगस्ट हा पश्तुनिस्तान दिन ठरला, काबूलच्या मध्यावर पश्तुनिस्तान चौक झाला, तिथे दरवर्षी समारंभ आणि झेंडा. रेषेच्या पलीकडेही काही हालचाल होती, तिराहमध्ये आफ्रिदी जमातीने १९४९ मध्ये सभा स्थापन केली, वझिरिस्तानात इपीचा फकीर म्हणजे मिर्झाली खान गोरवेकला बसून पश्तुनिस्तानचं सरकार चालवतोय असं जाहीर झालं. पण इपीचा फकीर ब्रिटिशांशी बंदुकीने लढलेला माणूस, त्याचा आणि बाचा खानांचा रस्ता वेगळा. दोघांना एकाच झेंड्याखाली उभं केलं तर दोघांवरही अन्याय होतो.

माझ्याकडे हा झेंडा आहे तो तिकिटांवर. १९५० च्या दशकाच्या सुरुवातीपासून सत्तरच्या दशकापर्यंत अफगाण टपाल खात्याने पश्तुनिस्तान दिनाची तिकिटं जवळजवळ दरवर्षी काढली. पश्तो अक्षरं, सोबत फ्रेंच, कारण अफगाण टपालाची परदेशी भाषा तेव्हा फ्रेंच होती, आणि झेंडा तांदळाच्या दाण्याएवढा. भिंगाखाली धरलं की लाल कापडावर मधे डोंगरांची रांग आणि मागून वर येणारा सूर्य एवढं कळतं, बारीक तपशील छपाईत बुजलेले असतात. काही तिकिटं एकाच शाईत छापलीयत, म्हणजे तिकीट निळं तर झेंडाही निळा. नेटवर या झेंड्याची जी वेगवेगळी चित्रं दिसतात, कुठे वर्तुळ, कुठे चौकट, कुठे अक्षरं जास्त, त्यामागे माझ्या मते हेच कारण आहे, लोकांनी असल्या लहान चित्रांवरून आपापल्या परीने नवीन काढली आणि पुढे कॉपी होत गेली. त्यामुळे हा झेंडा वापरलात तर त्या काळातल्या तिकिटाचाच मोठा स्कॅन घ्या, नव्याने काढलेलं चकचकीत चित्र घेऊ नका. स्कॅन हा पुरावा असतो, नवीन चित्र हा कुणाचा तरी अंदाज असतो.

अर्थाचं म्हणाल तर डोंगर समजायला सोपे आहेत, स्पिन घर, सुलेमान पर्वत, खैबर, तिराह, पश्तूनांचा सगळा इतिहास या रांगांच्या आडोशाने घडला, मुघलांपासून इंग्रजांपर्यंत सगळे तिथेच अडकले. उगवता सूर्य म्हणजे नवीन राष्ट्राची पहाट, हे तर कुणीही सांगेल. पण मला यातला जास्त महत्त्वाचा धागा वेगळा वाटतो. अफगाणिस्तानचे राजे अमानुल्ला यांनी १९२८ मध्ये युरोपच्या दौऱ्यानंतर अफगाणिस्तानला काळा-लाल-हिरवा झेंडा दिला, त्यावर बर्फाचे डोंगर आणि मागून उगवणारा सूर्य होता, भोवती गव्हाच्या ओंब्या. म्हणजे पश्तुनिस्तानच्या झेंड्यावरचं चित्र काबूलच्या चित्रभाषेतलं आहे. रंग पेशावरच्या लाल डगलेवाल्यांचा आणि चित्र अमानुल्लांच्या घरचं, असा तो जोड मी वाचतो. असा जोड घालायचा असं कुणी कागदावर लिहून ठेवलंय असा माझा दावा नाही, पण दोन्ही झेंडे शेजारी ठेवून बघा, नातं दिसतं.

हा झेंडा किती तापलेला विषय होता त्यासाठी १९५५ बघा. मार्चमध्ये पाकिस्तानने पश्चिमेकडचे सगळे प्रांत मिळून एकच करायचं जाहीर केलं, म्हणजे सरहद्द प्रांत नावालाही उरणार नव्हता. ३० मार्चला काबूलमध्ये जमाव पाकिस्तानच्या वकिलातीवर चालून गेला आणि पाकिस्तानचा झेंडा खाली ओढला, जलालाबाद आणि कंदाहारच्या उपवकिलातींवरही हल्ले झाले. पाकिस्तानने सीमेवरचा व्यापार अडवला, अफगाणिस्तानचा माल कराची बंदरातून यायचा तो थांबला, महिनोनमहिने मध्यस्थ्या चालल्या, आणि शेवटी तोडगा निघाला तो कशावर, तर काबूलमध्ये पाकिस्तानचा झेंडा सन्मानाने परत चढवायचा यावर. १९६१ ते १९६३ तर सीमा पुन्हा बंद झाली आणि त्या पेचात दाऊद खानांना अफगाणिस्तानचं पंतप्रधानपद सोडावं लागलं. या सगळ्या काळात ज्यांच्यासाठी हा झेंडा होता ते पेशावर-चारसद्द्याचे शेतकरी त्याखाली मोठ्या संख्येने कधी जमले नाहीत, तो प्रामुख्याने काबूलच्या चौकात आणि तिकिटांवर फडकला. माझं ठाम मत विचाराल तर हाच या दोन लाल झेंड्यांमधला खरा फरक आहे. एक लोकांनी स्वत: रंगवला, दुसरा शेजारच्या सरकारने त्यांच्यासाठी उभारला.

तरी त्याला बाचा खानांच्या गोष्टीतून पूर्ण काढूनही टाकू नका. पाकिस्तानात अनेक वर्षं तुरुंगात काढल्यावर १९६४ पासून ते बराच काळ अफगाणिस्तानात राहिले, तिथे पश्तुनिस्तान दिनाला बोललेही. त्या काळावर पॅनेल असेल तर तो झेंडा योग्य आहे, खाली ‘काबूल’ आणि साल लिहा म्हणजे झालं.

काळा-लाल-हिरवा झटपट सांगतो. तो अफगाणिस्तान या देशाचा, आणि त्या देशात ताजिक, हजारा, उझबेक सगळे आहेत, त्यामुळे त्याला पश्तून झेंडा म्हणणं चूक. काळा म्हणजे मागे गेलेला अंधाराचा काळ, लाल म्हणजे स्वातंत्र्यासाठी सांडलेलं रक्त, हिरवा म्हणजे आशा आणि इस्लाम, असा अर्थ सर्वसाधारणपणे लावतात. मधलं चिन्ह इतक्या वेळा बदललंय की त्यावरून फोटोचं साल काढता येतं, अमानुल्लांनंतरचे राजे नादिर शाह यांनी मशीद आणली, दाऊदनी १९७४ मध्ये पट्टे आडवे केले आणि गरुड आणला. १९७८ मध्ये कम्युनिस्टांनी पूर्ण लाल झेंडा आणला, तो मात्र खरोखरच मॉस्कोकडे बघणारा लाल, आणि नेटवर ‘लाल पश्तून झेंडा’ शोधताना हा पण मधे घुसतो, त्याच्या कोपऱ्यात सोनेरी चिन्ह आहे त्यावरून ओळखा. पांढरा ज्यावर कलमा लिहिलाय तो तालिबानचा. ऑगस्ट २०२१ मध्ये तालिबान आल्यावर लगेच जलालाबादमध्ये लोक काळा-लाल-हिरवा चढवायला रस्त्यावर आले आणि त्यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. जलालाबाद हे पश्तून शहर आहे आणि तालिबानही बहुतांश पश्तूनच, तेव्हा ‘पश्तूनांचा झेंडा’ या शब्दांनी त्या दिवशीचं काहीच समजत नाही.

पाकिस्तानच्या बाजूला आज लाल टिकून आहे तो अवामी नॅशनल पार्टीमुळे. बाचा खानांचे चिरंजीव वली खान यांनी १९८६ मध्ये ती काढली, लाल झेंडा, लाल टोपी, निवडणुकीचं चिन्ह कंदील. प्रांताच्या नावात ‘पख्तुनख्वा’ हा शब्द यावा ही बाचा खानांची जुनी मागणी याच पक्षाने लावून धरली आणि एप्रिल २०१० मध्ये अठराव्या घटनादुरुस्तीने वायव्य सरहद्द प्रांताचं नाव खैबर पख्तुनख्वा झालं. २०१८ पासून मंजूर पश्तीन यांच्या पीटीएम, म्हणजे पश्तून तहफ्फुज मूव्हमेंट, या पश्तूनांच्या हक्कांसाठीच्या चळवळीची ओळख तर झेंड्यापेक्षा टोपीने जास्त झाली, लाल-काळ्या नक्षीची ती मझारी टोपी.

तर तुमच्या पॅनेलसाठी मी असं करीन. १९२९-३० ला साधा लाल, काहीही चित्र नसलेला, आणि शक्य झालं तर टोमॅटोसारखा भडक न घेता विटकरी छटा घ्या. १९३१ ते १९४७ ला चरख्याचा तिरंगा. १९४७ च्या बन्नू-सार्वमताच्या पॅनेलवर झेंडाच नको, तिथे मतांचे आकडे पुरेसे बोलतात. १९६४ नंतरच्या पॅनेलवर पश्तुनिस्तान दिनाचं तिकीट. १९८८ ला, पेशावरला निधन आणि जलालाबादला दफन या पॅनेलवर परत लाल चालेल, कारण तोपर्यंत तो वली खानांच्या पक्षाचा झालेला होता.

फोटोंबद्दल एक महत्त्वाचं. त्या काळातल्या बऱ्याच फिल्मला लाल रंग दिसायचा नाही, त्यामुळे कृष्णधवल फोटोत लाल डगले जवळजवळ काळे उमटलेत. आजकाल मोबाइलवर फोटो रंगीत करून देणारी ॲप आहेत, ती असे कपडे सर्रास तपकिरी किंवा निळे करून टाकतात. फोटो आहे तसाच ठेवा आणि खाली ‘गडद दिसणारे कपडे प्रत्यक्षात लाल’ अशी ओळ द्या. आणि १९३८ च्या गांधीजींच्या सरहद्द दौऱ्याच्या पॅनेलवर तिरंगा लावताना चरखाच आहे ना हे दोनदा बघा, डिझाइन करणारी मुलं सवयीने अशोकचक्राचा लावतात. तो संविधान सभेने स्वीकारला २२ जुलै १९४७ ला, आणि तेव्हा सरहद्द प्रांतातलं मतदान संपून पाच दिवस झाले होते.